मायची ओळ

आमच्या घरी पेपर कुणाच्या तरी मरणापासून उघडायचा. पहिल्या पानावर मंत्री असो नाहीतर महापूर, माय म्हणायची, "ते राहू दे, आतलं काढ." आतल्या पानाच्या खालच्या कोपऱ्यात 'निधन वार्ता' असत आणि मानवत तालुक्यातल्या निधन वार्ता माझे वडील लिहीत. त्यांना मी अण्णा म्हणत असे. मायला सहीपुरतंच लिहिता येत होतं, म्हणून वाचायचं काम माझं. ती चुलीपाशी भाकऱ्या थापत बसलेली, मी उंबऱ्यावर पेपर पसरून, आणि अण्णा बाजेवर पाठ फिरवून, लिहिणारा दुसराच कुणी असल्यासारखे. मी वाचायचे आणि माय भाकरी उलटता उलटता निकाल द्यायची. "बरं लिवलंय." नाहीतर, "ह्ये काय लिवलं? असं तर कुनालाबी म्हनता येतंय." दुसरा निकाल आला की अण्णा एका भाकरीवर उठत.

अण्णांचं पोट मोंढ्यातल्या, म्हणजे शेतमालाच्या बाजारातल्या, एका आडतीवर लिखापढी करून भरायचं आणि जीव रमायचा तो वार्ताहरकीत. परभणीहून निघणाऱ्या एका दैनिकाला ते तालुक्याच्या बातम्या पाठवत. दुपारी लखोटा तयार करायचा, स्टँडवर जाऊन परभणीच्या एसटीच्या ड्रायव्हरच्या हाती द्यायचा, तिकडे दैनिकाचा माणूस तो उतरवून घ्यायचा. बाकीच्या बातम्या ते चहा निवायच्या आत उरकत, पण कुणी गेलं की स्वतः त्या घरी जाऊन बसत. निधन वार्तेचा साचा ठरलेला होता आणि आजही तोच आहे. अल्पशा आजाराने निधन, पश्चात मोठा परिवार, मनमिळाऊ स्वभाव. आमच्या जिल्ह्यात मनमिळाऊ नसलेला माणूस अजून मरायचा आहे. अण्णा साचा मोडत नसत, कारण मोडला की परभणीचे साहेब अख्खी बातमीच कापत. ते फक्त शेवटी एक ओळ घालत. त्या ओळीसाठी घरच्यांना त्यांचा एकच प्रश्न असे, "ह्यांच्याबद्दल असं काय सांगता, जे दुसऱ्या कुनाबद्दल सांगता यायचं न्हाई?" लोक आधी गोंधळत, मग रडत आणि मग सांगत.

मोंढ्यातला एक हमाल गेला, तेव्हा त्यांनी लिहिलं होतं, 'त्यांच्या पाठीवरचं पोतं कधी फुटलं नाही.' स्टँडवरच्या चहावाल्याबद्दल लिहिलं, 'ज्याची बस सुटली, त्याला त्यांनी कधी एकटं बसू दिलं नाही.' आणि एका म्हाताऱ्या कासारणीबद्दल, 'त्यांच्या हातून बांगड्या भरताना कुण्या पोरीच्या डोळ्यांत पाणी आलं नाही.' ती वाचली तेव्हा मायनं तव्यावरची भाकरी करपू दिली होती, एवढं मला आठवतं. ज्यांचा जन्मात फोटो निघाला नव्हता, त्यांच्या घरचे लोक ते कात्रण कापून फोटोच्या चौकटीत बसवत आणि त्याला हार घालत. मी अशा चौकटी आमच्या वस्तीत पाहिल्या आहेत. चेहऱ्याच्या जागी चार ओळी. आता चौकात फलक लागतो, माणसाइतका मोठा रंगीत फोटो, खाली शोकाकुल म्हणून गल्लीभरच्या पोरांचे गॉगल घातलेले चेहरे, आणि गेलेला माणूस कोण होता, काय करायचा, याचा पत्ताच नाही. मोबाइलवर तर जोडलेले हात पाठवले की सुटलो. मी चिडते. माझी सून म्हणते, "आई, तुम्ही प्रत्येक फलक वाचत थांबता." थांबते बाई, काय करू.

माय जिनिंगमध्ये होती. कापसातून सरकी काढणाऱ्या यंत्राला आमच्याकडे रेचा म्हणतात. अशा रेच्यांच्या रांगेवर ती हंगामभर उभी असायची. सगळा दिवस त्या घरघरीत गेल्यानं तिला साधं बोलणं जमायचंच नाही, मीठ मागितलं तरी पलीकडच्या गल्लीला कळायचं. भुवयांत, कानांच्या पाळ्यांवर, अंबाड्यात पांढरी रुई घेऊन ती घरी यायची आणि हातपाय धुवायच्या आधी अण्णांना विचारायची, "आज कोन गेलं वो?" अण्णा हळू बोलणारे, ती ओरडणारी. तिनं मुकादमाला भर आवारात शिव्या घातल्याची गोष्ट जिनिंगमधल्या बायका सणावाराला एकमेकींना सांगत. अंबाडीची भाजी, कारळाची चटणी आणि ज्वारीची गरम भाकरी एवढं असलं की तिला दुसरं काही लागत नसे. त्या वर्षी हंगामाच्या मधेच तिनं भाकरी आमटीत कुस्करायला सुरुवात केली. मग कण्या शिजवायला लागली. मग कण्याही उतरेनात.

परभणीच्या डॉक्टरांनी नळी घालून पाहिलं, अण्णांना बाहेर नेलं आणि सांगितलं की अन्ननलिकेत गाठ आहे, फार पुढे गेली आहे, हंगाम संपेपर्यंत काढतील. घरी न्या, घशाखाली उतरेल ते द्या. उतरत होतं फक्त आंबील, तेही घोट घोट. तहान लागलेली असायची, पाणी समोर असायचं, आणि घोट अर्ध्यातून परत यायचा. तिचा आवाज आधी घोगरा झाला आणि मग कुजबुजीवर आला. मला भाकऱ्या करताना लाज वाटायची. मी अंगणात, वाऱ्याच्या उलट्या बाजूला तीन दगडांवर तवा ठेवायला लागले, तर तिनं मला हाक मारून आत बोलावलं आणि कुजबुजत म्हणाली, "हितंच कर गं. वास तरी येऊ दे." अण्णा त्या दिवसांत कोणकोणत्या दारांत जाऊन आले हे मी सांगत बसत नाही. ज्यांच्या घरी देव्हारा नाही, ज्यांनी भगताला आयुष्यात उंबरा ओलांडू दिला नाही, ज्यांनी वस्तीतल्या पोरांना गंडे तोडायला लावले, त्या माणसाच्या खिशात मला एकदा अंगाऱ्याची पुडी सापडली. मी ती होती तशी परत ठेवली.

हलीमाबी मायच्या शेजारच्या रेच्यावर होती. ती रोज सुट्टी झाली की यायची, मायचे पाय चेपायची आणि जिनिंगमधल्या चहाड्या सांगायची. एका दुपारी ती सहज बोलून गेली, "गयाबाई, मेरे चच्या की मरने की झूठी खबर उठी थी. सब लोगां रोते आए. उसके बाद चच्या इत्ते साल जिए की पोत्यां की शाद्यां देखे. झूठी खबर उठी तो उमर बढ़ती बोलते." माय हसली. तेव्हा हसू म्हणजे फक्त खांदे हलायचे. अण्णा बाजेवर होते. ते म्हणाले, "हलीमाबी, ह्या अडाणी समजुती हायत." आणि उठून बाहेर गेले. त्यांची चप्पल आतच राहिली होती, हे मला फार नंतर आठवलं.

पुढे एका सकाळी मी नेहमीसारखा पेपर पसरला. माय भिंतीला टेकून वाटीतलं आंबील चमच्यानं पीत होती. मी आतलं पान काढलं आणि वाचलं, 'मानवत येथील गयाबाई...' आणि थांबले. पुढे आडनाव आमचं होतं.

"कोन गेलं?" मायनं विचारलं.

मी म्हणाले, "माय, तू."

तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी रडण्याचा आवाज उठला. जिनिंगच्या बायका कामावर जाता जाता कुणाकडून तरी ऐकून तशाच वळल्या होत्या. पुढे हलीमाबी, ऊर बडवत, पदर खाली लोळतोय. ती दारातून आत घुसली, समोर माय वाटी घेऊन बसलेली, आणि हलीमाबीनं अशी किंकाळी फोडली की मायच्या हातातली वाटी सांडली. मग एकेक बाई आत आली, मायला हात लावून पाहिलं, कुणी तिचे गाल दाबले, कुणी तिथंच फतकल मारून नव्यानं रडायला लागली. बाहेर गर्दी वाढत गेली. कुणी बांबू घेऊन आलं होतं. मोंढ्यातल्या हमालांनी काम बंद ठेवलं होतं. ज्यांच्या माणसांबद्दल अण्णांनी कधीकाळी ओळ लिहिली होती, ते सगळे आले होते, खेड्यांतूनही. आमच्या त्या एवढ्याशा गल्लीत मी पुन्हा कधी एवढी माणसं पाहिली नाहीत. आणि अण्णा बाजेवर बसून होते, दोन्ही हात गुडघ्यांवर, नजर जमिनीवर.

दुपारनंतर पालमहून किसनमामा आला. मायचा धाकटा भाऊ. त्याच्या काखेत कागदात बांधलेलं पांढरं लुगडं होतं. नवरा जिवंत असताना बाई गेली की तिच्या अंगावरचं शेवटचं लुगडं माहेरचं, भावानं आणायचं. तो दारात आला, बहिणीला पाहिलं आणि तिथंच बसला. मग उठला तो संतापूनच.

"दाजी, ह्ये कुनी केलं? नाव सांगा फकस्त. आत्ता परभनीला जातो."

अण्णा म्हणाले, "म्याच पाठवली बातमी."

कुणाला कळेना. अण्णांनी मान वर केली. "हलीमाबी म्हनली व्हती, आयुष्य वाढतंय म्हून."

हलीमाबीनं कपाळावर हात मारला. "या अल्ला, मैं तो यूंच बोली थी, अन्ना!"

कुणी हसलं नाही. मामासुद्धा खाली बसला. मला वाटतं, त्या क्षणी सगळ्यांना समजलं की या माणसापाशी आता करण्यासारखं काहीच उरलेलं नाही. मायनं मला बोटानं जवळ बोलावलं आणि पेपर वाचायला सांगितला. मी सगळ्यांसमोर वाचला. अल्पशा आजाराने, पश्चात पती व एक मुलगी, मनमिळाऊ स्वभावाच्या म्हणून परिचित.

"फुडं?" माय कुजबुजली.

"संपलं."

"ओळ?"

"ओळ न्हाई, माय."

तिनं अण्णांकडे पाहिलं. तिला दम लागत होता, तरी तिनं ते सगळं बोलून दाखवलं. "हमालाला ओळ. कासारनीला ओळ. जनमभर तुमच्या ओळी ऐकल्या म्या. अन मी मनमिळाऊ व्हय?"

"तुजी ओळ लिवली तर बातमी खरी व्हईल, गया," अण्णा म्हणाले. "ती मी लिवनार न्हाई. तू हायस तवर न्हाई." आणि ते रडले. मी त्यांना पहिल्यांदाच रडताना पाहिलं आणि आमच्या गल्लीनंही.

संध्याकाळी निघताना मामा त्यांना म्हणाला, "पालमपासून हितवर एसटीत छाती बडवत आलो, दाजी. लोकं उठून जागा द्यायलते मला. फुडच्या येळी तार येऊ द्या, मानूस येऊ द्या, मी कुनाचंच ऐकनार न्हाई. तुमी सोता माझ्या दारात आल्याबिगर मी हलनार न्हाई." लुगडं तो परत न्यायला निघाला होता. मायनं धरून ठेवलं. आमच्यात, बौद्धांच्या घरी, पांढरं लुगडं शेवटाला लागतं तसं वंदनेलाही लागतं. ती म्हणाली, "ऱ्हाऊ दे की. पुनवेला नेसते." आणि वैशाखातल्या पौर्णिमेला ती खरंच ते नेसून, माझ्या आणि हलीमाबीच्या खांद्यांवर हात टाकून विहारापर्यंत गेली.

पण त्या बातमीचं मोल दुसऱ्यांनी भरलं. दैनिकानं दुसऱ्याच दिवशी दिलगिरी छापली आणि अण्णांची वार्ताहरकी काढून घेतली. त्यात दैनिकाची काही चूक नव्हती, हे अण्णाच म्हणायचे. नवा वार्ताहर आला, त्याला मयताच्या घरी जायला वेळ नव्हता. ज्यांचं नाव आधीच चारचौघांत होतं, त्यांचंच पेपरात यायला लागलं. आमच्या गल्लीतल्या एका म्हातारीचा तरणा लेक विहिरीचं काम करताना गेला. ती आमच्या दारात येऊन बसली. "अन्ना, माझ्या लेकाचं लिवा." अण्णांनी हात जोडले, सगळं सांगितलं. तिला ते उमगलंच नाही, किंवा उमगून घ्यायचं नव्हतं. ती सांगत राहिली, लेक कसा होता, विहिरीच्या तळातून गाणं म्हणायचा आणि वरच्यांना त्यावरून कळायचं की तो ठीक आहे. अण्णांनी ऐकून घेतलं. ती ओळ कुठेच छापली गेली नाही. म्हातारी गेल्यावर माय भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "माझ्यापायी किती जन तसेच गेले असतील." अण्णा उठून आडतीवर निघून गेले. आज माझं वय त्या दोघांपेक्षा जास्त झालंय आणि तरीही मला ठरवता येत नाही की त्यांनी ते करायला हवं होतं की नको. जे त्यांना हसले, त्यांच्या कुणाच्या घरी पाण्याचा घोट परत येत नव्हता, एवढं मात्र मी ठामपणे सांगते.

माय डॉक्टरांनी सांगितलं त्याहून जास्त जगली. हलीमाबी अखेरपर्यंत ते आपल्या चच्याच्या खात्यावर टाकायची. मी एवढंच म्हणेन की ते वाढीव दिवस फुकट मिळाले नाहीत. पावसाळ्याच्या शेवटी आंबीलही बंद झालं, मग कापसाच्या फडक्यानं ओठ ओले करणं तेवढं उरलं. नव्या हंगामाच्या पहिल्या कापसाच्या गाड्या मोंढ्याकडे जायला लागल्या होत्या, तेव्हा एका सकाळी मी फडकं भिजवून आणलं आणि तिनं तोंड उघडलं नाही.

बायका जमायच्या आत अण्णांनी फळीवरून कागद काढला. ते मायच्या उशाशी मांडी घालून बसले आणि लिहायला लागले. डावा हात कागदाभोवती आडवा धरला होता, शाळेत पोरं धरतात तसा. साचा लिहायला त्यांना वेळ लागला नाही, हात झरझर चालला. मग थांबला. त्यांनी मायच्या तोंडाकडे पाहिलं, बराच वेळ पाहत राहिले, आणि एक ओळ लिहून लखोटा बंद केला. मला म्हणाले, "चल, पालमला जायचंय. किसन दुसऱ्या कुनाचं ऐकायचा न्हाई." मायला हलीमाबीच्या स्वाधीन करून आम्ही स्टँडवर गेलो. ज्या परभणीच्या गाडीत बसलो, तिच्याच ड्रायव्हरच्या हाती त्यांनी सवयीनं लखोटा दिला. ड्रायव्हर ओळखीचा. त्यानं लखोट्याकडे पाहिलं, अण्णांकडे पाहिलं, मला पाहिलं आणि काही न विचारता तो समोरच्या काचेपाशी ठेवला. परभणीला दैनिकाच्या माणसानं तो नेलाही. बातमी मात्र छापून आली नाही. पुढे अण्णा विचारायला गेले तेव्हा तिथले साहेब चांगलं बोलले, चहा दिला आणि म्हणाले की ही बातमी आपल्याकडे येऊन गेलेली आहे. लखोटा कुठे गेला, ते त्यांना माहीत नव्हतं. वार्ताहर बातमीची नक्कल ठेवत नाही. मी पुढे अनेकदा विचारलं, अण्णांनी विषय बदलला.

परभणीहून गंगाखेडची गाडी, तिथून पालमची. वाटेत अण्णा एकदाच बोलले. म्हणाले, "माझा बाप असाच जायचा गं. गावात कुनी मेलं की खबर घेऊन खेडोपाडी, पायी. दारात जायची मुभा नव्हती, लांबून वरडून सांगायचा. धम्म घेतला अन त्यानं ते काम सोडलं. म्हनला, आता कुनाचं मरन वाहनार न्हाई."

मामा अंगणात दोर वळत बसला होता. आम्हाला येताना त्यानं दुरूनच पाहिलं. तो उठला नाही. मामी पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली आणि अण्णांचं तोंड बघून दारातच थांबली.

"किसन, गया गेली," अण्णा म्हणाले.

मामा दोर वळतच राहिला. "न्हाई, दाजी. मागं पेपरात छापून आलं व्हतं. मी गेलो तर अक्का आंबील पिऊन ऱ्हायली व्हती. आताबी बसली असंल तशीच." त्यानं माझ्याकडे पाहिलं. "शालू, बसली हाय का न्हाई?"

त्याला माझ्याकडून एक होकार हवा होता आणि मला तो द्यावासा वाटत होता.

"दाजी, शपथ घ्या. हलीमाबीनं अजून काय सांगितलं का? पुन्यांदा खबर उठवली म्हंजी अजून वाढतंय का? सांगा, मी रागावनार न्हाई. खरंच रागावनार न्हाई मी."

अण्णा उन्हात उभे होते. त्यांनी टोपी काढून हातात घेतली.

"किसन, तिची ओळ लिवली म्या."

मामाचे हात थांबले. अर्धवट वळलेला दोर उलटा फिरून सुटा झाला. मामीनं तांब्या खाली ठेवला.

"काय लिवलं?" मामानं विचारलं.

अण्णांनी तोंड उघडलं. मिटलं. पुन्हा उघडलं. मामा उठला, अण्णांजवळ आला आणि त्यानं त्यांचा हात धरला.

"नगा सांगू, दाजी," तो म्हणाला. "नगा सांगू. येतो मी."